‘जिमाए’ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न असा आहे: जपानच्या मेजी काळातल्या (1868–1912) गेइशांवरच्या, म्हणजे नाचगाण्याने मनोरंजन करणाऱ्या कलावंतिणींवरच्या, लेखाचं मराठी करताना ‘जिमाए गेइशा’ला ‘स्वतंत्र गेइशा’ म्हटलं तर चालेल का?

चालेल, पण त्यातला पैशांचा हिशेब निसटेल. ‘जि’ म्हणजे स्वतःचा आणि ‘माए’ म्हणजे इथे वाटा. ‘इचिनिनमाए’त हाच ‘माए’ आहे. जेवणाच्या बाबतीत त्याचा अर्थ एका माणसापुरतं ताट, आणि माणसाच्या बाबतीत ‘कर्ता झालेला’. आजच्या जपानी बोलीत जिमाए म्हणजे नुसतं ‘स्वखर्चाने’.

गेइशांच्या जगात मात्र या शब्दाला वजन होतं. पुष्कळ मुली ओकियात, म्हणजे गेइशांच्या घरात, यायच्या त्या आईबापांनी घेतलेल्या रकमेवर. त्या रकमेला जपानी शब्द ‘झेनशाक्किन’. आपल्याकडे ऊसतोड मजूर ज्याला ‘उचल’ म्हणतात, तेच हे. ‘आगाऊ कर्ज’ वगैरे लिहू नका. मुलीच्या नावावर किमोनो, नाचगाण्याची शिकवणी, जेवणखाण असा खर्च चढत जायचा. सगळं फिटलं की ती जिमाए. कमाई तिची, किमोनो तिचे आणि खर्चही तिचाच. अनेकदा फेडायला ‘दान्ना’, म्हणजे धनिक आश्रयदाता, लागायचा. (हा शब्द मुळात आपला ‘दान’, बौद्ध धर्माबरोबर तिकडे गेलेला.)

जपानी सरकारने 1872 मध्ये गेइशा आणि वेश्या यांना मुक्त करण्याचा हुकूम काढला. कर्ज का बुडवायचं, याचं त्यातलं कारण वाचून अंगावर काटा येतो: या बायकांचे माणूस म्हणून हक्क गेलेले, त्या गाईघोड्यांसारख्या, आणि जनावरांकडे कोणी कर्जाची फेड मागत नाही! लोकांनी हुकुमाचं नावच ‘गुरं सोडण्याचा हुकूम’ पाडलं. उचल पुढे नव्या करारांच्या रूपाने परत आली. अशा कामाला बांधून घेणारी उचल मुळातच रद्दबातल, असा जपानच्या सर्वोच्च न्यायालयाचा स्पष्ट निवाडा यायला 1955 उजाडलं.

म्हणून मी लेखात एकदा ‘उचल फेडून पदरच्या खर्चाने राहणारी’ असं लिहीन आणि पुढे ‘जिमाए’च ठेवीन. ‘पदर’ इथे मुद्दाम घेतलाय. मराठीत दुसऱ्याच्या पदरी असणं म्हणजे आश्रित असणं, आणि पदरचं खर्चणं म्हणजे स्वतःचं खर्चणं. ओकियाच्या पदरी होती, ती पदरचं खाऊ लागली.