काळ्या काचेसोबत गाणारा समाज रंगवताना
आपल्या कथेतल्या समाजासाठी आपण कल्पिलेली, ज्वालामुखीच्या काळ्या काचेच्या पट्ट्या वाजवत गाण्याची कला मला मनापासून आवडली. मात्र गायक काचेची पट्टी मुठीत घट्ट धरून वाजवतो, हे वर्णन कृपया बदलावे, कारण आवळून धरलेली पट्टी नादत नाही, नुसती खट्ट वाजते. तीच पट्टी दोन्ही टोकांपासून लांबीच्या सुमारे २२ टक्क्यांवर, म्हणजे ३० सेंटिमीटरच्या पट्टीत साधारण पावणेसात सेंटिमीटरवर, दोरीने टांगली की नाद टिकतो आणि गायकाला त्यात आपला षड्ज, म्हणजे आधाराचा ‘सा’, मिळवता येतो. जाडी तशीच ठेवून लांबी निम्मी केली, तर स्वर एक नव्हे, दोन सप्तके चढतो. तेव्हा सारख्या जाडीच्या पट्ट्यांच्या सप्तकभराच्या संचात सर्वांत आखूड पट्टीही लांब पट्टीच्या सुमारे ७० टक्के असेल.

ही काच शिंपल्यासारख्या वक्र पृष्ठांत फुटते आणि तिची धार अतिशय तीक्ष्ण निघते. म्हणून घडवणाऱ्याच्या बोटांवरचे व्रण आणि शिष्याला गाऊ न देता आधी कडा बोथट करायला बसवणारा गुरू कथेत अवश्य यावेत, असे मला वाटते. घासताना पाणी वापरलेले दाखवा. कोरडी धूळ गायकाच्या छातीत जाता कामा नये.