वही कपाटावरून खाली काढा

प्रश्न: आम्ही बडोद्याचे, दांडिया बाजारात राहतो. मुलगी १९ वर्षांची. बारावी सायन्स, बी ग्रुप, म्हणजे बायोलॉजीचा. नीटला पहिल्या वेळी ७२० पैकी ३९८ आले. एक वर्ष ड्रॉप घेऊन क्लास लावला, तर ३६१ वर आली. आम्ही तिसरा प्रयत्न ठरवला आहे. पण अकरावीत शाळेच्या निसर्ग शिबिरात जामनगरकडे नराऱ्याला जाऊन आल्यापासून तिने प्रवाळाचं खूळ घेतलं आहे. त्यातच शिकायचं म्हणते. बडोद्यात समुद्र नाही, तिला पोहता येत नाही आणि प्रवाळ तर म्हणे मरत चालले आहेत. मरणाऱ्या गोष्टीवर कसलं करिअर? तिची चित्रांची वही परीक्षा होईपर्यंत कपाटावर ठेवून दिली आहे. हल्ली ती फारशी बोलत नाही, पण अभ्यासाला बसते. गुरुजींच्या सांगण्यावरून पोवळ्याची अंगठीही केली. आता कोट्याला पाठवावं की इथलाच क्लास बदलावा? - एक वडील, बडोदा

उत्तर: नमस्कार.

कोटा की बडोदा, हे मी सांगणार नाही. तुमचं पत्र मूळ चार पानांचं होतं, इथे ते थोडक्यात दिलं आहे. त्या चार पानांत ‘आम्ही ठरवलं’ पाच वेळा आलं आणि मुलीचं स्वतःचं वाक्य एकदाही नाही. ‘फारशी बोलत नाही, पण अभ्यासाला बसते’ हे तुम्ही ज्या समाधानाने लिहिलंय, तिथे मी थांबलो. १९ वर्षांची मुलगी घरात बोलेनाशी झाली आहे आणि त्यातला ‘पण’ तुम्हाला पुरेसा वाटतोय. तिची झोप, जेवण, मैत्रिणी यांबद्दल अक्षर नाही. आज रात्री पुस्तकं मिटवून तिच्याजवळ बसा आणि नीटचा विषय न काढता बोला. ती खूप खचलेली वाटली, तर फॅमिली डॉक्टरांना गाठा. टेलि-मानस या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाइनचा १४४१६ हा सरकारी क्रमांकही आहे, फोन करायला पैसे पडत नाहीत. बाकीचं सगळं त्यानंतर.

मग वही. वही काढून घेणं हा तुमच्या लेखी अभ्यासाचा उपाय आहे, तिच्या लेखी ती शिक्षा आहे, आणि गुन्हा काय तर एखादी गोष्ट मनापासून आवडणं. गुण ३७ ने उतरले ते तुम्ही ‘लक्ष नाही’ या खात्यात टाकलेत. मी तुम्ही पाठवलेली गुणपत्रिका पाहिली. दुसऱ्या वेळी फिजिक्समध्ये १८० पैकी ३८, केमिस्ट्रीत ६१ आणि बायोलॉजीत ३६० पैकी २६२. वही कपाटावर असताना आलेले हे २६२ आहेत. ज्या विषयात तिचा जीव आहे तिथे ती पडलेली नाही. वीस लाखांहून जास्त मुलं देतात त्या परीक्षेत तिसऱ्या वर्षी फिजिक्स आपोआप वर येईल, असं तुम्हाला कशावरून वाटतं?

‘मरणाऱ्या गोष्टीवर कसलं करिअर’ हे वाचून मात्र मला हसू आलं, माफ करा. तुम्ही मुलीला डॉक्टर करायला निघाला आहात! आणि प्रवाळ पांढरा पडला म्हणजे मेला असं नसतं. प्रवाळ हा प्राणी. त्याच्या अंगात सूक्ष्म शैवालं राहतात आणि उन्हावर अन्न तयार करून त्याला पोसतात. पाणी नेहमीपेक्षा तापलं आणि तसंच राहिलं की प्रवाळ ही शैवालं बाहेर टाकतो, मग खालचा पांढरा सांगाडा दिसतो. पाणी वेळेत निवलं तर शैवालं परततात. नाही निवलं तर उपासमारीने तो मरतो. १९९८, २०१०, २०१६ आणि पुन्हा २०२४ मध्ये जगभर हे झालं. लक्षद्वीपात मैसूरच्या नेचर कन्झर्व्हेशन फाउंडेशनची माणसं १९९८ पासून त्याच त्याच जागी परत जाऊन मोजत आहेत, म्हणून आज आपल्याला कळतं की २४ वर्षांत तिथलं प्रवाळाचं आच्छादन जवळपास निम्म्यावर आलं. कुठली जागा सावरते, कुठली नाही आणि का, हे सांगणारी माणसं यापुढे जास्तच लागतील.

आता पोहण्याचं. हा गैरसमज तुमचा एकट्याचा नाही, मला वाटतं तुमच्या मुलीचाही असेल. समुद्रजीवशास्त्र म्हटलं की डोळ्यांसमोर येतं निळं पाणी, पाठीवर सिलिंडर आणि बाजूने जाणारं कासव. डायव्हिंग लागतं, नाही असं नाही, पण ते शिकता येतं, पोहणंही विशीत शिकता येतं. नराऱ्याला तर तिने स्वतः पाहिलंय की ओहोटीला पाणी मागे गेलं की माणूस घोटाभर पाण्यातून चालत प्रवाळापर्यंत पोचतो. खरं काम म्हणजे एक मीटर बाय एक मीटरची चौकट खाली ठेवायची, आत जिवंत किती, मेलेला किती, शैवालाने झाकलेला किती ते मोजायचं, फोटो काढायचा, पुढची चौकट. असं दिवसभर. मग महिनोन्‌महिने खोलीत बसून त्याच फोटोंवर ठिपके टाकत जाती ओळखायच्या आणि संख्याशास्त्र करायचं. कंबर दुखते, डोळे दुखतात, कासव क्वचित दिसतं. ज्यांना फक्त निळं पाणी आवडतं ती मुलं इथे टिकत नाहीत. तिला हे कंटाळवाणं काम आवडेल का, हा विचारायचा प्रश्न आहे.

पैशाचंही स्पष्ट सांगतो, कारण ते तुम्ही विचारलं नाहीत तरी मनात आहे. या क्षेत्रात कायमच्या जागा थोड्या. बरीच वर्षं प्रकल्पावरच्या, वर्ष-दोन वर्षांच्या कराराच्या नोकऱ्या. नेट परीक्षेतून जेआरएफ ही संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली तर महिना ३७,००० आणि वर घरभाडं; तेही एमएस्सी झाल्यावर. डॉक्टरच्या कमाईशी तुलना करायची असेल तर करूच नका. शिवाय तिचं हे वेड नीटपासून पळण्याची वाटही असू शकतं. दोन दिवसांच्या शिबिरावर आयुष्य ठरवू नये, हे मी तिलाही सांगेन. पण ते आज ठरवायची गरजच नाही. महाराजा सयाजीराव विद्यापीठात बीएस्सी झूलॉजी, घरापासून सायकलच्या अंतरावर. पुढे वाटलंच तर कोचीचं कुसाट विद्यापीठ, अण्णामलाई विद्यापीठाचं परंगीपेट्टई केंद्र, नाहीतर डेहराडूनची वन्यजीव संस्था. तीन वर्षांत मन बदललं तर झूलॉजीवरून इतर वाटाही फुटतात. दुसऱ्या ड्रॉपमधून काय फुटतं?

‘बडोद्यात समुद्र नाही’ हे तर बडोदेकराने लिहावं, याचं नवल वाटलं. कमाटी बागेतल्या म्युझियममध्ये देवमाशाचा भला मोठा सांगाडा आहे, तो मही नदीच्या पाण्याने आणून दिलेला. आणि ओखामंडळ, म्हणजे द्वारकेकडचा भाग, बडोदा संस्थानात होतं. तिथल्या समुद्री जिवांची पाहणी सयाजीराव महाराजांच्या सरकारने जेम्स हॉर्नेल या शास्त्रज्ञाकडून करून घेतली. त्या अहवालाचा पहिला भाग १९०९ ला निघाला, दुसरा १९१६ ला. म्हणजे कच्छच्या आखाताकडे शास्त्राच्या नजरेने बघायला पैसे मोजले ते बडोद्याने, शंभराहून जास्त वर्षांपूर्वी. त्या आखातात १९८२ मध्ये देशातलं पहिलं सागरी राष्ट्रीय उद्यान झालं, नरारा त्यातच येतं. तुमची मुलगी बाहेरचं काही घेऊन आलेली नाही.

अंगठीबद्दल. ती ठेवा किंवा काढा, तो तुमचा आणि गुरुजींचा प्रश्न. फक्त एवढं की पोवळं म्हणजेच प्रवाळाचा सांगाडा. अंगठ्यांत बसवतात तो लाल प्रकार मुख्यतः भूमध्य समुद्रातला, नराऱ्याला दिसतो तो नव्हे, पण त्याचा लांबचा नातलग. मुलीच्या डोक्यातून प्रवाळ निघावं म्हणून तुम्ही ते तिच्या बोटात घातलंय. हे तिच्या लक्षात आलं असणारच. ती तुम्हाला बोलली नाही, एवढंच.

थंडीत एक शनिवार-रविवार काढा आणि तिच्याबरोबर नराऱ्याला जा. ओहोटीची वेळ तिलाच शोधू द्या, दिवसाउजेडी मोठी ओहोटी असेल तीच तारीख धरा. वन खात्याची परवानगी आणि वाटाड्या घ्या. जाड तळव्याचे बूट घाला, चपला चिखलात राहतात. प्रवाळावर पाय देऊ नका आणि काही उचलून आणू नका, मेलेला तुकडासुद्धा. कायद्याने त्याला वाघाइतकंच संरक्षण आहे. तिथे गेल्यावर तुम्ही बोलू नका, तिला दाखवू द्या. वही बरोबर न्या.

आणि पुढचं पत्र तिला लिहू द्या. तुम्ही आधी वाचू नका.