कर-सल्ला : अपील पडून, वसुली सुरू

प्रश्न : सियागंजात आमचा किराण्याचा घाऊक धंदा आहे. नोटाबंदीत बँकेत भरलेल्या 18 लाखांच्या रोकडीचा खुलासा डिसेंबर 2019 च्या आयकर आदेशात अमान्य झाला. व्याजासह कराची मागणी 18 लाख 49 हजार. जानेवारी 2020 मध्ये अपील केले, सुनावणी नाही. स्थगितीच्या अर्जाला उत्तर नाही आणि आता चालू खाते गोठवले. हायकोर्टात जावे का? — एक व्यापारी, इंदूर

उत्तर : जाता येईल, पण आधी कागद नीट लावा. नुसत्या अपिलाने वसुली थांबत नाही. त्यासाठी आयकर कायद्याच्या कलम 220(6) खाली कर निर्धारण अधिकाऱ्याकडे वेगळा अर्ज लागतो. केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या 31 जुलै 2017 च्या ज्ञापनाप्रमाणे (अधिकाऱ्यांना दिलेल्या लेखी सूचना) साधारण 20 टक्के, म्हणजे तुमच्या बाबतीत सुमारे 3 लाख 70 हजार, भरल्यावर उरलेल्या रकमेला स्थगिती मिळते. मात्र हा आकडा म्हणजे टोलनाका नव्हे. प्रकरण पाहून अधिकारी त्याहून कमी रकमेवरही स्थगिती देऊ शकतात, असे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे.

बहुतेक अर्ज फसतात ते इथेच. ‘अपील प्रलंबित आहे, स्थगिती द्यावी’ एवढीच ओळ लिहिलेली असते. तुम्ही 8 नोव्हेंबर 2016 ची रोकड शिल्लक दाखवणारी रोजमेळाची पाने, त्या तिमाहीचे व्हॅट विवरण, आधीच्या वर्षाची त्याच महिन्यांतली रोख विक्री, फॉर्म 35 (अपिलाचा अर्ज) ची पोच आणि सहा महिन्यांचे बँक स्टेटमेंट जोडा. पगार आणि मालाची देणी कशी अडली, ते आकड्यांत लिहा. खाते मोकळे करण्याची मागणीही त्यातच करा. आयकर पोर्टलवर थकीत मागणीच्या उत्तरात ‘असहमत’ निवडून अपिलाचा तपशील भरायला विसरू नका. थोडी रक्कम भरायची झाली तर चलन 400 या उपशीर्षाखाली काढा.

अर्ज दोन आठवड्यांत निकाली काढावा, असे मंडळाच्या आधीच्या, 2016 च्या ज्ञापनातच आहे. नाहीच काढला तर लेखी स्मरणपत्र द्या, मग व्हाइट चर्चसमोरच्या आयकर भवनात प्रधान आयुक्तांकडे अर्ज करा. पोच मात्र प्रत्येकाची हवी.

त्यानंतर हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 ची याचिका. मागणे दोनच ठेवा : स्थगिती अर्जावर सकारण आदेश आणि अपिलाला मुदत, तोवर सक्तीची वसुली नको. करआकारणी चूक की बरोबर, यात कोर्ट सहसा शिरत नाही. अपील निकाली काढण्याची कलम 250(6अ) मधली एका वर्षाची मुदत ‘शक्य असेल तेथे’ या शब्दांनी सैल केलेली आहे, त्यामुळे उशीर झाला म्हणून मागणी रद्द होत नाही. कोर्टाच्या आदेशाची प्रत अधिकारी आणि फेसलेस (समोरासमोर न येता ऑनलाइन चालणारा) अपील विभाग, दोघांनाही तुम्हीच पोचवा. पुढे नोटीस जुन्या ईमेलवर गेली आणि उत्तर राहिले, तर एकतर्फी निकाल लागतो.

प्रश्न : स्थगिती मिळाल्यावर व्याज थांबते का?

उत्तर : नाही. कलम 220(2) चे दरमहा 1 टक्का चालूच राहते. अपिलात मागणी घटली, तर त्या प्रमाणात तेही घटते.