एचपीसारख्या कंपन्या गॅरेजमधून कशा उभ्या राहिल्या? माझ्याकडे कल्पना आहे, पण जागा नाही. सुरुवात कशी करू?

तुम्ही लिहिलंय की पुण्यात दोन खोल्यांचं भाड्याचं घर आहे, कल्पना जबरदस्त आहे, 'बनवणारी माणसं पगारावर मिळतात', फक्त ह्यूलेट-पॅकार्डसारखी (एचपी म्हणजे तीच) जागा नाही. यातलं पगारावरच्या माणसांचं वाक्य वाचलं नसतं तर उत्तर लिहायच्या फंदात पडलो नसतो. जागेचं शेवटी बघू.

कॅलिफोर्नियातल्या पालो आल्टोत ३६७, ॲडिसन ॲव्हेन्यूवर एचपीचं ते गॅरेज अजून आहे, 'सिलिकॉन व्हॅलीचं जन्मस्थान' अशी पाटीही आहे. एचपीचे संस्थापक बिल ह्यूलेट आणि डेव्ह पॅकार्ड तिथून १९४० मध्ये बाहेर पडले, म्हणजे मुक्काम जेमतेम दीड-दोन वर्षांचा. आत एक जुनं ड्रिल प्रेस, बाकी किरकोळ हत्यारं. पॅनलचा रंग पॅकार्डच्या घरातल्या स्वयंपाकाच्या ओव्हनमध्ये भाजून पक्का करायचे. आधी मिळेल ते काम केलं: बोलिंगच्या खेळात रेषेवर पाय पडला की सांगणारं यंत्र, दुर्बिणीच्या मोटरची गती राखणारं उपकरण, मुतारीत आपोआप पाणी सोडणारी योजना. यातल्या कशावरही कंपनी उभी राहिली नाही. उभी राहिली ती २००ए या ऑडिओ ऑसिलेटरवर (ऐकू येणाऱ्या फ्रीक्वेन्सीचा सिग्नल तयार करणारं उपकरण), आणि त्याच्या पोटातल्या तीन वॉटच्या एका बल्बवर. तो बल्ब कळला नाही तर एचपी कळलीच नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

लाउडस्पीकर, टेलिफोनच्या लाइन, ॲम्प्लिफायर तपासायला शुद्ध साइन वेव्ह, म्हणजे एकाच स्वराची गुळगुळीत लाट, लागते. त्या काळी ती मिळायची दोन रेडिओ फ्रीक्वेन्सी एकमेकांतून वजा करून. १०१ किलोहर्ट्झमधून १०० गेले, उरला १ किलोहर्ट्झ. आता त्यातला एक ऑसिलेटर तापून ०.१ टक्का जरी सरकला, तरी १०० हर्ट्झचा फरक पडतो, म्हणजे तुमच्या १ किलोहर्ट्झमध्ये १० टक्के चूक. दर वेळी आधी शून्य जुळवा, मग माप घ्या. शिवाय दोन्ही फ्रीक्वेन्सी अगदी जवळ आल्या की एकमेकींना ओढून चिकटतात आणि खालचे स्वर हातीच लागत नाहीत. ही उपकरणं दोनशे डॉलरच्या वर जायची.

मग सरळ कॉइल-कपॅसिटर का नको? ५०० पिकोफॅराडचा गँग कपॅसिटर (खुंटी फिरवून बदलणारा) घ्या आणि ३५ हर्ट्झसाठी कॉइल काढून बघा. साधारण ४१ हजार हेन्री येते. अशी कॉइल कुणी गुंडाळत नाही. त्यातून कपॅसिटर दहापट बदलला तरी फ्रीक्वेन्सी बदलते फक्त ३.१६ पट, कारण ती वर्गमुळात जाते.

ह्यूलेटने वापरला वीन ब्रिज: दोन रेझिस्टर, दोन कपॅसिटर, कॉइल नाही. इथे फ्रीक्वेन्सी १/(२πRC), त्यामुळे कपॅसिटर दहापट फिरला की फ्रीक्वेन्सीही दहापट. ३५ हर्ट्झ ते ३५ किलोहर्ट्झ हा सगळा पल्ला तीन रेंजमध्ये बसला. अडचण एकच. त्या फ्रीक्वेन्सीला ब्रिजमधून एक तृतीयांश सिग्नल परत येतो, म्हणून ॲम्प्लिफायरचा गेन (सिग्नल किती पट मोठा होतो ते) बरोबर ३ लागतो. २.९९ झाला तर स्वर विझतो, ३.०१ झाला तर वाढत जाऊन शेंडे कापले जातात. व्हॉल्व्ह (त्या काळच्या काचेच्या ट्यूब) जुने होतात, सप्लाय हलतो. नेमका ३ धरून ठेवणार कोण?

बल्ब. निगेटिव्ह फीडबॅकच्या (आउटपुटचा काही भाग उलटा परत देऊन गेन आवरायचा) वाटेत, पहिल्या व्हॉल्व्हच्या कॅथोडला, झिरोच्या बल्बाच्या धाकट्या भावंडासारखा एक टंगस्टनचा दिवा. सिग्नल वाढला की फिलामेंट तापते, तिचा रेझिस्टन्स वाढतो, फीडबॅक वाढतो, गेन उतरतो. सिग्नल घटला की उलट. फिलामेंट गरम व्हायला-निवायला वेळ घेते, म्हणून ती प्रत्येक लाटेमागे न धावता सरासरी धरते आणि साइन वेव्ह वाकडी होत नाही. बल्ब रेटिंगच्या खूप खाली चालतो, उजेड पडत नाही, त्यामुळे जवळजवळ कधीच उडत नाही.

आता तुमच्या 'कल्पने'कडे येतो. माक्स वीनचा ब्रिज १८९१ चा. निगेटिव्ह फीडबॅक अभियंता हॅरॉल्ड ब्लॅकला सुचला १९२७ मध्ये. दिव्याने ऑसिलेटर स्थिर करायची युक्ती बेल लॅब्सच्या मीचमने १९३८ मध्ये छापलीसुद्धा होती, पण एकाच फ्रीक्वेन्सीच्या क्वार्ट्झवर. म्हणजे कल्पना सगळ्या छापील होत्या, वाचनालयात कुणालाही उपलब्ध. ह्यूलेटने त्या एकत्र बसवून पल्लाभर चालवून दाखवल्या, आणि ते करताना ज्या भानगडी निघतात त्या स्वतः निस्तरल्या. तो स्टॅनफर्डचा प्रबंध होता, तिथले प्राध्यापक फ्रेडरिक टर्मन यांच्या हाताखाली. भानगडींचा नमुना देतो. ५०० पिकोफॅराडला ३५ हर्ट्झ हवा तर रेझिस्टर लागतो सुमारे ९ मेगओहमचा. एवढ्या रेझिस्टन्सला स्विचवरचा घामट हातही शॉर्टसारखा वागतो. स्विचच्या वेफरवर (आतल्या चकतीवर) ओल आली की डायल खोटी. गँगची फ्रेम चासीला (उपकरणाच्या पत्र्याच्या सांगाड्याला) लावता येत नाही, इन्सुलेटरवर ठेवावी लागते. मग फ्रेमचा स्वतःचा कपॅसिटन्स ब्रिजच्या एकाच बाजूला भर घालतो, तो ट्रिमरने (जुळवणीच्या छोट्या कपॅसिटरने) दुसऱ्या बाजूला जुळवायचा. न जुळवला तर डायल फिरवताना आउटपुट वरखाली होतं. पगारावरच्या माणसाला हे सापडेलही, पण काय सापडलं आणि त्याची किंमत किती हे तुम्हाला कळणार नाही.

किंमतीवरून आठवलं. २००ए ची किंमत त्यांनी ५४.४० डॉलर ठेवली, '५४-४० ऑर फाइट' या अमेरिकेतल्या एका जुन्या सरहद्दीच्या घोषणेतल्या आकड्यावरून, आणि मग लक्षात आलं की एवढ्यात तो बनतच नाही. नावात २०० का? पहिलंच उपकरण आहे असं वाटू नये म्हणून. डिस्नेच्या ध्वनी अभियंत्याला रेंज आणि मांडणी थोडी वेगळी हवी होती, त्यातून २००बी झाला, ७१.५० डॉलरला, आणि डिस्नेने आठ घेतले. डिस्नेच्या 'फँटेशिया' चित्रपटाचं संगीत त्यातून निघालं असं लोक ठोकून देतात. ते थिएटरांतली ध्वनियंत्रणा तपासायला होते. १९३९ ची सगळी विक्री ५,३६९ डॉलर, नफा १,५६३. पहिल्या वर्षी नफा! निधी उभारण्याच्या गप्पा मारणाऱ्यांनी हा आकडा दोनदा वाचावा.

'फाउंडर म्हणजे व्हिजन, बाकी एक्झिक्युशन' असं व्यासपीठावरून सांगणाऱ्या मंडळींशी माझं जुनं भांडण आहे, तेव्हा हेही घ्या. पॅकार्ड जनरल इलेक्ट्रिकमध्ये असताना तिथल्या मोठ्या ट्यूब चाचणीत फुटत होत्या. तो कारखान्यात उतरला, एका लॉटच्या प्रत्येक टप्प्याला कामगारांसोबत उभा राहिला, आणि त्या लॉटमधली एकही ट्यूब फुटली नाही. लेखी सूचना अपुऱ्या होत्या, एवढंच. ॲपलच्या गॅरेजबद्दल तर ॲपलचा सहसंस्थापक खुद्द वॉझनियाक म्हणालाय की डिझाइन तिथे झालंच नाही. तो तेव्हा एचपीत कॅल्क्युलेटरवर नोकरी करत होता. आपल्याकडचं बघायचं तर क्विक हील या अँटिव्हायरस कंपनीच्या कैलाश काटकरांनी पुण्यात कॅल्क्युलेटर दुरुस्तीपासून सुरुवात केली. गिऱ्हाइकांच्या कॉम्प्युटरमधले व्हायरस काढता काढता धाकट्या भावाने लिहिलेलं टूल पुढे विकायची वस्तू झालं.

पटत नसेल तर एका संध्याकाळी हा ऑसिलेटर जोडून बघा. एनई५५३२ (ऑप-ॲम्प, म्हणजे ॲम्प्लिफायरची चिप), दुहेरी १२ ते १५ व्होल्ट सप्लाय, ब्रिजला १० किलोओहमचे दोन आणि १५ नॅनोफॅराडचे दोन (सिरॅमिक नको, फिल्म घ्या). १०६१ हर्ट्झ मिळेल. २८ व्होल्ट ४० मिलीअँपचा बल्ब चिपच्या इन्व्हर्टिंग (वजा खुणेच्या) पायापासून ग्राउंडला, आउटपुटपासून त्याच पायाला ४३० ओहम. बल्ब २१५ ओहमवर जाऊन थांबतो. ७४१ ही जुनी चिप घालू नका, एवढ्या लोडला तिला दम लागतो. हल्ली दुकानदार त्याच कॅपमध्ये एलईडी देतो, त्याने काहीही होणार नाही. मल्टिमीटरवर थंड बल्ब शे-सव्वाशे ओहमच्या आत दिसला पाहिजे. सुरू केल्यावर आउटपुट थोडा वेळ डुलतं, ते फिलामेंटचं निवणं-तापणं, बिघाड नव्हे. १०-२० हर्ट्झच्या खाली नेलंत तर फिलामेंट लाटेमागे धावू लागते आणि तिसरा हार्मोनिक (मूळ फ्रीक्वेन्सीच्या तिप्पट फ्रीक्वेन्सीची भेसळ) वाढतो.

आता जे आधी सांगायला हवं होतं ते. त्यांना टर्मन मिळाला, ज्याने पॅकार्डला शिष्यवृत्ती देऊन परत आणलं. घर ल्यूसिल पॅकार्डच्या स्टॅनफर्डमधल्या नोकरीवर चालत होतं. लगेच युद्ध आलं आणि मोजमापाच्या उपकरणांना मागणी आली. हे तिन्ही तुमच्याकडे नसेल, आणि सॉफ्टवेअरचा धंदा असेल तर वरचं बरंच लागूही होणार नाही.

जागा: दोन खोल्या पुरतात. टेबल, सोल्डरिंग स्टेशन, बरा मल्टिमीटर, जुना दोन चॅनलचा ऑसिलोस्कोप. पत्रा कापून, वाकवून, पावडर कोटिंग करून भोसरीत मिळतो, त्यासाठी घरचा ओव्हन नासवू नका. आणि तुमची कल्पना नेमकी कसली आहे, हे एवढ्या लांब प्रश्नात कुठेच लिहिलेलं नाही. पार्ट्सची यादी आणि प्रत्येकाची किंमत इथेच खाली टाका, मग पुढचं सांगतो.