४० लाखांचं गृहकर्ज वीस वर्षांत नेमकं कितीला पडतं?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा: नागपूरजवळ बेसाला ५० लाखांचा फ्लॅट, त्यात १० लाख स्वतःचे, ४० लाख कर्ज, दर ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता ३४,७१३ बसतो आणि दोघांच्या पगारात तो झेपतो. पण घर शेवटी कितीला पडेल? आणि बँकवाले सुचवतात तशी ३० वर्षांची मुदत घेऊन हप्ता कमी करून घ्यावा का?

मी बँकेत नाही. हिंगणा एमआयडीसीत एका कारखान्याच्या अकाउंट्समध्ये आहे आणि २०२१ पासून स्वतः हप्ते भरतोय. त्यामुळे हे थोडं पुस्तकी आणि बरंचसं पोळलेल्या तोंडाचं उत्तर समजा.

आधी सरळ गुणाकार. ३४,७१३ गुणिले २४० म्हणजे ८३ लाख ३१ हजार. त्यातलं व्याज ४३ लाख ३१ हजार. हा आकडा ऐकून माणूस हबकतो, पण मला त्याच्यापेक्षा पहिल्या हप्त्याची फोड जास्त बोलकी वाटते. ३४,७१३ पैकी २८,३३३ व्याज आणि मुद्दलात फक्त ६,३८०. पुष्कळ लोक म्हणतात की बँक आधी सगळं व्याज कापून घेते. तसं नसतं. त्या महिन्यात जेवढी रक्कम बाकी असते, तेवढ्यावरच व्याज लागतं. सुरुवातीला बाकीच मोठी, म्हणून व्याज मोठं. यात लबाडी काही नाही, पण परिणाम मात्र वाईट होतो. पाच वर्षं हप्ते भरले की तुमच्या खिशातून २० लाख ८३ हजार गेलेले असतात आणि कर्ज उरतं ३५ लाख २५ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, अजून २८ लाख बाकी. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात.

हे सांगायचं कारण म्हणजे आपल्याकडे फ्लॅट वीस वर्षं ठेवतो कोण? मुलं मोठी होतात, आईवडील राहायला येतात, सातव्या-आठव्या वर्षी थ्री बीएचके लागतो. सात वर्षांनी विकायला गेलात तर तोवर २९ लाखांच्या वर भरलेले असतील आणि बँकेला ३२ लाख ७१ हजार द्यायचे असतील. तेव्हा विकून हातात काय आलं, ते मोजताना हे सात वर्षांचं जवळपास २२ लाख व्याज धरायचं असतं. "४८ ला घेतला, ६५ ला विकला" असं सांगणारे ते कधी धरत नाहीत.

आता जिथे मी स्वतः पोळलो ती गोष्ट. खरा खर्च बहुतेक तिथेच वाढतो.

जुलै २०२१ मध्ये मी मनीषनगरला घर घेतलं. ३० लाख कर्ज, २० वर्षं, दर ६.७५. तेव्हा रिझर्व्ह बँकेचा रेपो दर (ज्या दराने ती बँकांना कर्ज देते तो) ४ टक्के होता, सगळं स्वस्त होतं. हप्ता २२,८११. मे २०२२ पासून रेपो वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ वर गेला. माझं कर्ज रेपोला जोडलेलं, म्हणजे दर ९.२५. (ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं अशीच बाहेरच्या दराला जोडावी लागतात.) पण खात्यातून कापला जाणारा हप्ता तोच, २२,८११. मला वाटलं, आपल्याला काही फरक पडला नाही बुवा.

मार्च अखेरीस टॅक्सच्या कामासाठी स्टेटमेंट काढलं आणि मुद्दलाच्या रकान्यावर नजर गेली. बाकी होती २८ लाख ९० हजारांच्या आसपास. त्यावर ९.२५ ने एका महिन्याचं व्याज २२,२०० च्या वर. म्हणजे २२,८११ भरून मुद्दल कमी होत होतं ते पाचशे-सव्वापाचशे रुपयांनी. घरी एक्सेलमध्ये मांडलं. त्याच हप्त्यात, त्याच दराने कर्ज फिटायला चाळीस वर्षं. मी तेव्हा ४१ चा. घर माझं झालं असतं ८१ व्या वर्षी.

शाखेत गेलो. कर्ज विभागातला मुलगा बिचारा गोड बोलला: "सर, ईएमआय तर वाढला नाही ना, मंग काहून टेन्शन घेता?" त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही, बहुतेक लोकांना हेच ऐकायचं असतं. बँकेने कधीतरी हप्ता वाढवलाही असता, पण तोवर गेलेले महिने माझेच. मी अर्ज देऊन हप्ता २७,३०० करून घेतला, म्हणजे मूळ मुदत जागेवर आली. महिन्याला साडेचार हजार जास्त. दोन वर्षं घरात एसी घेण्याचा विषय निघाला की मी टेबलफॅनकडे बोट दाखवायचो, आणि नागपूरच्या मे महिन्यात हे किती लोकप्रिय होतं ते तुम्ही समजू शकता. पण दर तिथेच राहिला असता तर दोन्ही मार्गांतला एकूण फरक ५० लाखांच्या घरात जात होता. कर्जच मुळात तीस लाखांचं!

नंतर, ऑगस्ट २०२३ मध्ये, रिझर्व्ह बँकेने यावर नियम केला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायचं. दर तीन महिन्यांनी सोप्या भाषेत पत्रक द्यायचं, त्यात आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, किती हप्ते उरले, हे सगळं असतं. ते पत्रक उघडून "उरलेले हप्ते" एवढा एक आकडा बघत जा. तीन महिन्यांत तो तीनने कमी झाला नसेल तर लगेच शाखा गाठा. दर घटतो तेव्हाही हेच. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून रेपो ६.५ वरून ५.५ वर आला, तेव्हा मला हप्ता कमी करून मिळत होता. मी २७,३०० तसाच ठेवला. मूळ मुदतीच्या दीड वर्षाहून जास्त आधी सुटतोय.

जादा भरण्याचंही गणित तसंच आहे. तुमच्या कर्जात पहिल्या वर्षाअखेरीस १ लाख जास्तीचे भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे तेरा-चौदा हप्ते उडतात, म्हणजे पावणेचार लाखांच्या आसपास व्याज वाचतं. तोच १ लाख पंधराव्या वर्षी भरलात तर जेमतेम चार हप्ते. म्हणून "आधी सेटल होऊ, मग जास्त भरू" हे उलटं आहे. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड घेता येत नाही, त्यामुळे दिवाळीचा बोनस आला की तो आधी तिकडे. फक्त भरताना "मुदत कमी करा" असं लेखी द्या, नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून टाकतात.

कर्जाबाहेरचे खर्च आता भराभर सांगतो.

बँक ४० लाख देते ते फ्लॅटच्या किमतीच्या ८० टक्के म्हणून. ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला तीच मर्यादा आहे आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क, नोंदणी धरत नाहीत. नागपूर शहरात मुद्रांक शुल्क आणि त्यावरचे अधिभार मिळून सहा-सात टक्क्यांवर जातं, त्यात मेट्रोचा एक टक्काही आला. नोंदणी फी ३०,००० पर्यंत. म्हणजे १० लाखांसोबत आणखी साडेतीन लाखांच्या आसपास रोख हवेत. ते नसले की लोक पर्सनल लोन काढतात आणि सगळ्यात महाग कर्ज तेच ठरतं. घर एकट्या बायकोच्या नावावर घेतलं तर मुद्रांकात एक टक्का सूट आहे, ५० लाखांवर ५०,०००. पण मग जुन्या कर प्रणालीत नवऱ्याला त्या कर्जाच्या व्याजाची वजावट मिळत नाही, कारण तो मालक नाही. तसंही नव्या कर प्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची २ लाखांची वजावट नाहीच. "टॅक्स वाचतो ना" म्हणून व्याज हलकं मानणाऱ्यांनी आपण कोणत्या प्रणालीत आहोत ते आधी बघावं.

फ्लॅट तयार आहे की बांधकाम चालू, ते तुम्ही लिहिलेलं नाही. पूर्णत्वाचा दाखला मिळालेला असेल तर जीएसटी नाही. बांधकाम चालू असेल तर ५ टक्के, म्हणजे अडीच लाख. ४५ लाखांपर्यंतच्या आणि ९० चौरस मीटर कार्पेटपर्यंतच्या घराला नागपुरात १ टक्काच लागतो. पण त्या ४५ लाखांत पार्किंग, डेव्हलपमेंट चार्जेस सगळं धरतात. "४४ लाख अधिक पार्किंग २ लाख" असं कोणी सांगितलं की ५ टक्क्यांची तयारी ठेवा. शिवाय बांधकाम चालू असताना प्री-ईएमआय लागतो, म्हणजे पूर्ण हप्ता सुरू होण्याआधी उचललेल्या रकमेवरचं व्याज. २० लाख उचललेले असले तर वर्षाला १ लाख ७० हजार नुसतं व्याज, मुद्दल एक रुपयाने हलत नाही आणि इकडे भाडंही चालू.

कर्जाचा विमा हा आणखी एक चोरकप्पा. सह्या करताना १ लाख २० हजारांचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून टाकतात, "महिन्याला हजारच तर वाढतात" म्हणत. वीस वर्षांत ते अडीच लाख होतात. कुटुंबासाठी विमा घ्याच, पण साधा टर्म प्लॅन वेगळा घ्या. कर्जासोबतचा विमा कायद्याने सक्तीचा नाही. ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाला केएफएस (की फॅक्ट्स स्टेटमेंट) नावाचं पत्रक द्यावं लागतं. त्यात प्रोसेसिंग फी, विमा, वकिलाची फी धरून वार्षिक दर किती पडतो ते छापलेलं असतं आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ताही. दोन बँकांची तुलना करायची तर त्या दराने करा, भिंतीवरच्या पोस्टरवरच्या दराने नको.

आता थोडं दुसऱ्या बाजूने. ८३ लाख हा आकडा भीतीदायक असला तरी तो आजचा रुपया नाही. महागाई ५ टक्के धरली तर तुमचा शेवटचा ३४,७१३ चा हप्ता आजच्या तेरा हजारांइतकाच जाणवेल. शिवाय भाडं वाचतं. मी नरेंद्रनगरला ११,००० भरायचो. पण मेंटेनन्स, मालमत्ता कर, दर पाच-सहा वर्षांनी रंग, गच्चीची गळती हे भाडेकरूला नसतं. एवढ्या हप्त्याच्या निम्म्याहून कमी भाड्यात तसाच फ्लॅट मिळतो, हे नागपूरचं वास्तव आहे. तेव्हा घर राहायला हवं असेल तर जरूर घ्या, गुंतवणूक म्हणून मात्र मी कोणाला सुचवणार नाही.

राहिला ३० वर्षांचा प्रश्न. हप्ता ३०,७५७ होईल, म्हणजे महिन्याला साधारण चार हजार वाचतील. आणि व्याज ४३ लाखांवरून ७० लाख ७२ हजारांवर जाईल. उलट १५ वर्षं केलीत तर हप्ता ३९,३९० आणि व्याज ३१ लाखांच्या आत. दोघांपैकी एकाची नोकरी कच्ची असेल तरच ३० चा विचार करा. तुम्ही दोघे पक्क्या नोकरीत आहात, हप्ता झेपतो असं स्वतःच लिहिलंय, मग २० च्या वर जाऊ नका. "३० घेऊन ठेवू आणि दर महिन्याला वरचे चार हजार आपणच जास्त भरू" हे कागदावर अगदी बरोबर आहे. आमच्या घरी ते चार हजार पहिल्याच रविवारी सीताबर्डीला खर्च झाले असते.