बर्लिनला या, पण पासपोर्टचं आधी ठरवा

पुण्यात आठ वर्षं शोधपत्रकारिता केली, आता जमीन घोटाळ्यांवर माहितीपट करायचे आहेत, त्यासाठी बर्लिनला यावं का, असं तुम्ही विचारलंत. मी नऊ वर्षांपूर्वी सोलापूरहून इथं आलो. माझा उलट प्रश्न: गोष्टी कुठल्या सांगणार, इथल्या की तिकडच्या?

इथल्या सांगायच्या तर जर्मन शिकूनच या. ‘इंग्रजीवर भागतं’ म्हणणारे सगळे आयटीतले. सरकारी कागद जर्मनमध्येच येतो. इथल्या केंद्र सरकारचा माहिती अधिकार कायदा 2006 पासून आहे. साधी माहिती फुकट, पण खोलात शिरलात की शुल्क 500 युरोपर्यंत जातं. आपल्या दहा रुपयांच्या अर्जाची किंमत तेव्हा कळते. बव्हेरियात तर राज्याचा असा कायदाच नाही.

कॅमेऱ्याचं आणखी अवघड. माणसाचं चित्र त्याच्या संमतीशिवाय दाखवायचं नाही, हा 1907 चा नियम. अपवाद आहेत, पण त्यांच्या भरवशावर शूटिंग करू नका. (1898 मध्ये दोन फोटोग्राफर रात्री घरात घुसून जर्मनीचा माजी चॅन्सेलर बिस्मार्क याच्या मृतदेहाचा फोटो काढून गेले, त्या प्रकरणातून हा कायदा आला.) माझ्या पहिल्या फिल्ममध्ये पार्सल वाटणाऱ्या एका पोरानं तोंडी होकार दिला आणि एडिट संपल्यावर फिरवला. अकरा मिनिटं गेली. तेव्हापासून सही आधी, चहा नंतर.

व्हिसाची भीती बाळगू नका. पत्रकारिता इथं ‘स्वतंत्र व्यवसाया’त मोडते. काम देऊ असं लिहिलेली इथल्या ग्राहकांची दोन-तीन पत्रं जमवा. पंचेचाळिशी ओलांडली असेल तर म्हातारपणाच्या तरतुदीचा पुरावाही मागतात. आल्यावर कलावंत-लेखकांच्या सामाजिक विमा निधीत, म्हणजे ‘केएसके’त, अर्ज टाका, आरोग्य आणि पेन्शनच्या हप्त्याचा निम्मा भार तो उचलतो. त्याच्याशिवाय मी दुसऱ्याच वर्षी परतलो असतो.

आता तिकडच्या गोष्टी, आणि तुमचा विषय तोच दिसतो. इथं पाच वर्षांनी नागरिकत्वाचा अर्ज करता येतो. 2024 पासून जर्मनीला दोन पासपोर्ट चालतात, भारताला चालत नाहीत. मित्र म्हणतील, ‘अरे, ओसीआय आहे की!’ म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणारं, भारतात येण्या-राहण्याची मुभा देणारं कार्ड. पण 2021 च्या अधिसूचनेनुसार ओसीआयधारकाला भारतात पत्रकारिता करायला विशेष परवानगी लागते. शिवाय आपला माहिती अधिकार फक्त नागरिकाला. सातबारा आणि फेरफारांमागे धावणाऱ्या माणसानं तोच हक्क सोडायचा?

अर्थात भारतीय राहण्याचीही किंमत आहे. विदेशी देणग्यांचा 2010 चा कायदा परदेशातल्या भारतीय नागरिकालाही लागतो, आणि बातमीदारांना, चालू घडामोडींचे कार्यक्रम करणाऱ्या कंपन्यांना त्यात विदेशी देणगी घ्यायला बंदी आहे. कामाचं मानधन वेगळं. म्हणून युरोपातल्या एखाद्या फाउंडेशनचं अनुदान मिळालं तर सही करण्याआधी करार भारतातल्या वकिलाला दाखवा. मी एकदा दाखवला आणि अनुदान परत केलं. झोंबलं.

येताना कात्रणांची आणि अनुभवपत्रांची जर्मन भाषांतरं पुण्यातूनच करून आणा. इथं पानामागे जे मोजावं लागतं त्यात तिकडे तुमची अख्खी फाईल होते.