सातबारा राहू द्या, दवाखान्याचे कागद आणा

प्रश्न : धुऱ्यावरून चुलतभावाशी आमचा जुना वाद आहे. पेरणीच्या वेळी बाचाबाची झाली आणि माझ्या थोरल्या मुलानं बैलगाडीची उभारी उपसून मारली. चुलतभावाच्या मनगटाचं हाड मोडलं. माझंही डोकं फुटलं, टाके पडले. पण पोलिसांनी माझी तक्रार अदखलपात्र म्हणून लिहून घेतली आणि त्याच्या तक्रारीवर गुन्हा दाखल केला. त्यात मी, दोन्ही मुलं आणि सत्तरीची आई, अशी चौघांची नावं आहेत. थोरला वर्ध्याला मावशीकडे निघून गेलाय. मोजणीचा नकाशा आमच्या बाजूनं आहे. अटकपूर्व जामीन मिळेल काय?
– एक शेतकरी, केळापूर तालुका

उत्तर : भाऊ, धुऱ्याच्या भांडणातला प्रत्येक पक्षकार माझ्याकडे आधी सातबारा अन् नकाशा घेऊन येतो. जमीन कुणाची, हे या अर्जात न्यायाधीश ठरवत नाहीत. उलट त्या कागदांनी भांडणाचं कारण तुम्हीच पुरवता.

ते पाहतात उभारी आणि मनगट. हाताबुक्क्यांनी हाड मोडलं असतं, तर भारतीय न्याय संहितेचं कलम ११७(२) लागलं असतं. ते जामीनपात्र आहे, म्हणजे या अर्जाची गरजच नव्हती. तेच हाड जीव जाऊ शकेल अशा हत्यारानं मोडलं, की कलम ११८(२); शिक्षा जन्मठेपेपर्यंत, आणि अजामीनपात्र. म्हणून उभारी केवढी होती, घाव किती, डोक्यावर रोखला होता की हातावर, यावर खरा वाद होतो. जखमेचा दाखला आणि एक्स-रे काय सांगतो ते तपास अधिकाऱ्याच्या 'से'मध्ये, म्हणजे अर्जावरच्या लेखी म्हणण्यात, येईल. तो येईपर्यंत अंतरिम संरक्षण मागता येतं.

दुसरी गोष्ट, कुणी काय केलं. 'सर्वांनी मिळून मारलं' एवढंच लिहिलं असेल तर आईंचं काम सोपं आहे. घरातली म्हातारी माणसंही फिर्यादीत ओवायची ही आपल्याकडची रीतच झालीय, अन् न्यायालयांना ती ठाऊक आहे. तुमचा आणि धाकट्याचा अर्जही जड नाही. थोरल्याचा मात्र वेगळा करा, नाहीतर त्याच्या उभारीचा भार चौघांवर पडेल.

त्याच्या बाबतीत सरकारी वकील म्हणतील, हत्यार जप्त करायचंय, कोठडी हवी. त्यावर अर्जातच लिहा की उभारी पंचांसमक्ष काढून देतो, बोलावाल तेव्हा ठाण्यात येतो. जप्तीसाठी कोठडी लागतेच असं नाही. गुरबक्षसिंग सिब्बिया प्रकरणात १९८० साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं त्यातून वाट दाखवली आहे: जामिनावरच्या माणसानं वस्तू काढून दिली, तर तेवढ्यापुरता तो कोठडीत होता असं धरता येतं. पण उभारी जाळू नका, लपवू नका. आणि पोरगा वर्ध्याला बसून राहिला, तर 'आरोपी फरार आहे' हे वाक्य 'से'मध्ये आलंच म्हणून समजा. त्याला वकिलाकडे आणा.

आता तुमचं डोकं. ज्या दिवशी टाके पडले त्या दिवसाची ग्रामीण रुग्णालयाची चिठ्ठी अर्जाला जोडा. मारामारी दोन्हीकडून झाली आणि फिर्यादीनं तुमची जखम दडवली, हे एवढ्या कागदानं दिसतं. माझ्या मते तुमच्या हातात याहून मोठं काही नाही.

अर्ज नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४८२ खाली, पांढरकवड्याच्या सत्र न्यायालयात. पहिल्या वर्गाच्या न्यायदंडाधिकाऱ्यांना हा अधिकार नाही. तिथं फेटाळला तर नागपूर खंडपीठ. मंजूर झाला तर ठाण्यात हजेरी, साक्षीदारांना धमकवायचं नाही, अशा अटी येतील. चुलतभावाच्या घरासमोर मिशीवर ताव देत फिरलात, तर तो जामीन रद्द करायला अर्ज देईल. अटी पाळल्या तर हे संरक्षण बहुधा खटला संपेपर्यंत टिकतं. २०२० साली सुशीला अग्रवाल प्रकरणात घटनापीठानं तसं सांगितलं आहे.

फिर्याद जातिवाचक शिवीगाळीची असती, तर अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या कलम १८ मुळं ही वाट जवळपास बंदच होती. तुमचं भांडण भावकीतलं, तेव्हा तो प्रश्न नाही. आईंचं आधार कार्ड तेवढं सोबत घ्या, वयासाठी.